अमेरिकेतील देशांतर्गत विमानप्रवासासाठी ‘रिअल आयडी’: कोणी काढावे आणि कसे

अमेरिकेत ७ मे २०२५ पासून देशांतर्गत विमानाने प्रवास करणाऱ्या अठरा वर्षे व त्यापुढील प्रवाशाला सुरक्षा तपासणीच्या ठिकाणी केवळ राज्याने दिलेला साधा वाहन परवाना दाखवून भागत नाही. तो परवाना ‘रिअल आयडी’ कायद्याच्या निकषांत बसणारा असावा लागतो, किंवा त्याऐवजी टीएसए या सुरक्षा यंत्रणेने मान्य केलेले दुसरे एखादे ओळखपत्र जवळ असावे लागते. या दुसऱ्या पर्यायाकडे आपल्या लोकांचे फारसे लक्ष जात नाही. त्यामुळे ज्यांना या कार्डाची काहीच गरज नाही असे लोक डीएमव्हीच्या (राज्याच्या वाहन परवाना कार्यालयाच्या) रांगेत तासन्‌तास उभे राहतात, आणि ज्यांना ते खरोखर उपयोगी आहे ते कागदपत्रांतील एका अक्षराच्या फरकामुळे हात हलवत परततात. हा लेख मुख्यतः अमेरिकेत नोकरी, शिक्षण किंवा कुटुंबाच्या निमित्ताने राहणाऱ्या मराठी वाचकांसाठी आहे. मुलांकडे काही महिन्यांसाठी येणाऱ्या आई-वडिलांचा विचारही त्यात ओघाने आला आहे.

कायदा नवा नाही. ११ सप्टेंबर २००१ च्या हल्ल्यांची चौकशी करणाऱ्या आयोगाने वाहन परवान्यांसारख्या ओळखपत्रांसाठी देशभर किमान निकष असावेत, अशी शिफारस केली होती. त्यानुसार केलेल्या कायद्यावर राष्ट्राध्यक्ष जॉर्ज बुश यांनी ११ मे २००५ रोजी सही केली. अंमलबजावणी २००८ मध्ये सुरू व्हायची होती, पण राज्यांचा विरोध, खर्च, तयारीचा अभाव आणि शेवटी कोविड अशा कारणांनी ती पुढे ढकलली जात राहिली. इतक्या वेळा मुदत वाढल्यामुळे ‘पुन्हा वाढेल’ असे गृहीत धरून बसलेले बरेच जण २०२५ मध्ये घाईला आले. अंमलबजावणी सुरू झाल्यावरही कार्ड नसलेल्यांना सरसकट परत पाठवले गेले नाही. त्यांची अधिकची तपासणी करून सोडले जात असे. १ फेब्रुवारी २०२६ पासून मात्र मान्य ओळखपत्र नसलेल्या प्रवाशाला ‘कन्फर्म आयडी’ या सोयीसाठी ४५ डॉलर भरावे लागतात. ते शुल्क दहा दिवसांच्या प्रवासापुरते चालते, आणि भरल्यानंतरही ओळख पटेलच अशी हमी नसते.

आधी ठरवा: हे कार्ड हवेच आहे का?

वैध भारतीय पासपोर्ट हे टीएसएला चालणारे ओळखपत्र आहे. ग्रीन कार्ड चालते, रोजगार परवान्याचे ईएडी कार्ड चालते, ग्लोबल एंट्री या जलद सीमाप्रवेश योजनेचे कार्ड चालते, आणि नागरिकत्व घेतलेल्यांचा अमेरिकन पासपोर्ट किंवा खिशात मावणारे पासपोर्ट कार्ड तर चालतेच. यांपैकी एक जरी आपल्याजवळ असेल आणि ते प्रवासात बरोबर नेण्याची आपली तयारी असेल, तर रिअल आयडीवाचून आपले कोणतेही विमान चुकणार नाही. ग्रीन कार्डधारकांना तर हा प्रश्न पडायचेही कारण नाही, कारण अठरा वर्षांवरील कायम रहिवाशाने ते कार्ड सतत जवळ बाळगावे अशी कायद्याचीच अपेक्षा आहे.

सहा महिन्यांच्या व्हिसावर आलेल्या आई-वडिलांसाठी या कार्डाच्या मागे लागू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. त्यांनी मूळ भारतीय पासपोर्ट घेऊन फिरावे. ‘हरवायला नको’ म्हणून पासपोर्ट घरच्या कपाटात ठेवून आधार कार्ड, पॅन कार्ड किंवा पासपोर्टची झेरॉक्स घेऊन विमानतळावर जाण्याचा प्रकार आपल्याकडे होतो. या तिन्हींचा तिथे उपयोग नाही. परदेशी नागरिकत्व घेतलेल्या भारतीय वंशाच्या लोकांना मिळणारे ओसीआय कार्डही टीएसएच्या यादीत नाही. ते भारतात जाण्यासाठी आहे, अमेरिकेत ओळख पटवण्यासाठी नाही. अठरा वर्षांखालील मुले मोठ्या माणसाबरोबर देशांतर्गत प्रवास करत असतील तर टीएसए त्यांच्याकडे ओळखपत्र मागत नाही, त्यामुळे शाळकरी मुलांसाठी धावपळ करण्याचे कारण नाही.

मग कार्ड कोणी काढावे? ज्यांचा पासपोर्ट नूतनीकरणासाठी भारतीय वकिलातीकडे किंवा व्हिसासाठी दूतावासाकडे आठवडेच्या आठवडे अडकून पडतो, ज्यांना कामानिमित्त वारंवार विमानप्रवास करावा लागतो आणि प्रत्येक वेळी पासपोर्ट बाहेर काढणे नकोसे वाटते, आणि ज्यांचा वाहन परवाना तसाही संपत आला आहे, त्यांनी जरूर काढावे. परवान्याचे नूतनीकरण करायचेच असेल तर त्याच फेरीत रिअल आयडी मागून घेणे सर्वांत सोयीचे. कार्ड परवान्याच्या रूपात घेता येते किंवा वाहन न चालवणाऱ्यांना साध्या ओळखपत्राच्या रूपातही मिळते. दोन्ही मात्र एका वेळी ठेवता येत नाहीत.

आपल्या हातातले कार्ड ओळखा

बऱ्याच जणांकडे रिअल आयडी आधीपासूनच असते आणि त्यांना ते माहीत नसते. कार्डाच्या वरच्या भागात, बहुधा उजव्या कोपऱ्यात, सोनेरी किंवा काळा तारा असेल तर ते रिअल आयडी आहे. कॅलिफोर्नियाच्या कार्डावर सोनेरी अस्वल असून त्याच्या अंगावर तारा कोरलेला दिसतो. टेक्ससने १० ऑक्टोबर २०१६ पासून ताऱ्याचीच कार्डे द्यायला सुरुवात केली. याउलट ‘फेडरल लिमिट्स अप्लाय’ किंवा ‘नॉट फॉर रिअल आयडी पर्पजेस’ अशा अर्थाची ओळ छापलेली असेल, तर ते कार्ड वाहन चालवण्यासाठी पूर्ण वैध आहे, पण विमानतळावर निरुपयोगी.

वॉशिंग्टन राज्याची गोष्ट वेगळी आहे, आणि सिएटल परिसरात आपले लोक मोठ्या संख्येने असल्यामुळे ती मुद्दाम सांगतो. त्या राज्याने ताऱ्याच्या कार्डाऐवजी ‘एन्हान्स्ड’ परवान्याचा मार्ग स्वीकारला. हा परवाना टीएसएला चालतो, पण तो फक्त अमेरिकन नागरिकांनाच मिळतो. त्यामुळे तिथे एच-१बी या नोकरीच्या व्हिसावर किंवा ग्रीन कार्डावर असलेल्याने डीएमव्हीसारख्या कार्यालयात कितीही फेऱ्या मारल्या तरी त्याचा हा परवाना होणार नाही. त्याने पासपोर्ट, ईएडी किंवा ग्रीन कार्डच वापरावे. न्यूयॉर्क, मिशिगन, मिनेसोटा आणि व्हरमाँट येथेही एन्हान्स्ड परवाने मिळतात, मात्र त्या राज्यांत नेहमीचे रिअल आयडीही आहे.

नाव: सगळ्या अडचणींचे मूळ

अर्ज करण्यापूर्वी एका संध्याकाळी टेबलावर पासपोर्ट, व्हिसाचे पान, आय-९४ या प्रवेश व मुक्कामाच्या मुदतीच्या नोंदीची छापील प्रत, सोशल सिक्युरिटी (सामाजिक सुरक्षा क्रमांकाचे) कार्ड आणि असल्यास इमिग्रेशन खात्याचे आय-७९७ मंजुरीपत्र शेजारी शेजारी ठेवावे आणि प्रत्येकावरचे नाव अक्षर न अक्षर वाचावे. डीएमव्ही आपली इमिग्रेशन स्थिती केंद्र सरकारच्या ‘सेव्ह’ नावाच्या प्रणालीतून तपासते आणि सोशल सिक्युरिटी क्रमांक त्या खात्याच्या नोंदींशी पडताळून पाहते. या दोन्ही ठिकाणी नाव आणि जन्मतारीख जुळली नाही तर खिडकीवरच्या माणसाची इच्छा असूनही त्याला पुढे जाता येत नाही.

मराठी नावांची रचनाच इथे आडवी येते. समजा, पासपोर्टच्या ‘गिव्हन नेम’ रकान्यात ‘सुनीता वसंत’ आणि ‘सरनेम’ रकान्यात ‘जोशी’ असे आहे. भारतीय पासपोर्टावर मधल्या नावासाठी वेगळा रकाना नसतो. सोशल सिक्युरिटी कार्ड काढताना कोणी ‘वसंत’ हे मधले नाव म्हणून लिहिते, कोणी ते पहिल्या नावाचा भाग म्हणून ठेवते, तर कोणी गाळूनच टाकते. तीन कार्यालयांत तीन प्रकार झाले की संगणकाला ती तीन माणसे वाटू लागतात. यावर उपाय म्हणजे पासपोर्ट आणि आय-९४ वर जसे आहे तसेच पूर्ण नाव अर्जात लिहिणे, आणि सोशल सिक्युरिटीच्या नोंदीत ते वेगळे असेल तर डीएमव्हीकडे जाण्याआधी सोशल सिक्युरिटीच्या कार्यालयात ते दुरुस्त करून घेणे. ही दुरुस्ती मोफत होते. ती केल्या दिवशीच डीएमव्ही गाठू नये. नोंद सगळीकडे पोहोचायला थोडा अवधी द्यावा.

पासपोर्टवर आडनावाचा रकाना कोरा राहिलेल्यांची अडचण आणखी मोठी. अशा वेळी अमेरिकन व्हिसावर संपूर्ण नाव आडनावाच्या जागी सरकते आणि पहिल्या नावाच्या जागी ‘एफएनयू’ ही तीन अक्षरे बसतात. त्यांचा अर्थ पहिले नाव अज्ञात, एवढाच. पुढे तीच अक्षरे परवान्यावर, पगारपत्रकावर आणि विमानाच्या तिकिटावरही हिंडत राहतात. तसे कार्ड वैध असते, पण निमूटपणे सोसण्यापेक्षा पुढच्या नूतनीकरणाच्या वेळी पासपोर्टवरच नाव आणि आडनाव वेगळे करून घ्यावे, आणि मग नवीन व्हिसा, आय-९४, सोशल सिक्युरिटी या क्रमाने बाकीचे कागद सुधारावेत. क्रम उलटा केला तर दुहेरी काम पडते.

लग्नानंतर नाव बदललेल्या स्त्रियांनी विशेष काळजी घ्यावी. पासपोर्ट माहेरच्या नावाने, बँकखाते सासरच्या नावाने आणि घरभाड्याचा करार दोन्हींची सरमिसळ करून, अशी स्थिती सर्रास आढळते. नावबदलाचा पुरावा म्हणून विवाह नोंदणी प्रमाणपत्र लागते. लग्नपत्रिका, लग्नाचे फोटो किंवा पासपोर्टच्या शेवटच्या पानावर छापलेले पतीचे नाव यांवर विसंबू नये. महानगरपालिकेने किंवा ग्रामपंचायतीने दिलेले प्रमाणपत्र केवळ मराठीत असेल तर त्याचे इंग्रजी भाषांतर, भाषांतरकाराच्या सही व निवेदनासह, मूळ प्रतीबरोबर न्यावे. लग्नाची नोंदणीच केली नसेल, जे जुन्या पिढीत बरेचदा आढळते, तर भारतभेटीत ते काम उरकून घ्यावे. इमिग्रेशनचे सर्व कागद माहेरच्या नावाने आहेत आणि केवळ कार्डासाठी नाव बदलायचे आहे, असे असेल तर माझा सल्ला असा की बदलू नये. कार्ड माहेरच्या नावाने घ्यावे आणि तिकीटही त्याच नावाने काढावे.

जन्मतारखेच्या बाबतीतही एक सूचना. आपण दिवस आधी लिहितो, अमेरिकेत महिना आधी लिहितात. ५ नोव्हेंबरचा जन्म असलेल्या माणसाने सवयीने ०५/११ लिहिले की तो डीएमव्हीच्या दृष्टीने ११ मे रोजी जन्मतो, आणि मग सेव्हची पडताळणी अडकते.

कागदपत्रे गोळा करताना

केंद्रीय नियमांनुसार ओळख, सोशल सिक्युरिटी क्रमांक आणि राहण्याचा पत्ता या तीन गोष्टी सिद्ध कराव्या लागतात, आणि नागरिक नसलेल्यांना कायदेशीर वास्तव्यही दाखवावे लागते. मूळ कागद लागतात. फोनवरचे फोटो चालत नाहीत.

ओळखीसाठी ग्रीन कार्ड किंवा ईएडी असेल तर काम सोपे आहे, कारण ओळख आणि वास्तव्य दोन्ही एकाच कार्डाने सिद्ध होतात. केवळ पासपोर्टावर अर्ज करणाऱ्यांसाठी नियमाची भाषा नीट वाचावी लागते: वैध परदेशी पासपोर्ट, त्यात मुदत न संपलेला व्हिसा आणि सोबत आय-९४. अनेक वर्षे भारतात न गेलेल्या एच-१बी धारकांच्या पासपोर्टमधला व्हिसाचा शिक्का केव्हाच संपलेला असतो. अमेरिकेतले वास्तव्य मंजुरीपत्रावर चाललेले असते आणि ते पूर्ण कायदेशीरही असते, पण या कार्डाच्या कामात तो संपलेला शिक्का नडू शकतो. अशांनी अपॉइंटमेंट घेण्यापूर्वी आपल्या राज्याच्या डीएमव्हीची कागदपत्रांची यादी तपासावी आणि ईएडी असल्यास तेच पुढे करावे.

आय-९४ ची प्रत सीमाशुल्क व सीमासुरक्षा खात्याच्या संकेतस्थळावरून विनामूल्य काढता येते. देशातच राहून मुदतवाढ घेतली असेल तर नवीन आय-९४ हे आय-७९७ए मंजुरीपत्राच्या तळाशी, कापून घेण्याच्या पट्टीसारखे छापलेले असते. तेच पत्र न्यावे, संकेतस्थळावरची जुनी नोंद नव्हे. विमानतळावरच्या अधिकाऱ्याकडून नावात चूक झाली असेल तर ती ‘डिफर्ड इन्स्पेक्शन’ कार्यालयात दुरुस्त करून मिळते.

सोशल सिक्युरिटीसाठी मूळ कार्ड उत्तम. अनेक ठिकाणी डब्ल्यू-२ (मालकाकडून मिळणारे वार्षिक पगार व कराचे विवरण) किंवा पूर्ण क्रमांक छापलेली पगाराची पावतीही घेतात. ज्या पगारपत्रकावर शेवटचे चारच आकडे दिसतात ते निरुपयोगी. एच-४ वर (एच-१बी धारकाच्या कुटुंबीयांच्या व्हिसावर) असलेल्या आणि कामाचा परवाना नसलेल्या जोडीदाराला हा क्रमांक मिळतच नाही. त्यांनी निराश होऊ नये. काम करण्याची परवानगी नसलेल्या वर्गात आपण मोडतो हे दाखवण्याची तरतूद नियमांत आहे, आणि त्यासाठी सोशल सिक्युरिटीच्या कार्यालयातून अपात्रतेचे पत्र आधीच घेऊन ठेवावे.

पत्त्याचे दोन पुरावे लागतात आणि पोस्टाची पेटी हा पत्ता धरला जात नाही. इथेही एच-४ जोडीदाराची पंचाईत होते, कारण वीज, इंटरनेट, घरभाडे सारे नवऱ्याच्या किंवा बायकोच्या नावावर असते. संयुक्त बँकखात्याचे विवरणपत्र छापील रूपात मागवावे आणि भाडेकरारात दोघांची नावे भाडेकरू म्हणून घालून घ्यावीत. अनेक राज्ये जोडीदाराच्या नावाचा पुरावा विवाह प्रमाणपत्रासह स्वीकारतात. बिलावरचा पत्ता आणि अर्जातला पत्ता, अपार्टमेंटच्या क्रमांकासकट, तंतोतंत एक असावा.

शुल्क आणि पद्धत राज्यागणिक बदलते. न्यू जर्सीत रिअल आयडी परवान्याला साध्या परवान्यापेक्षा अधिक शुल्क पडते, पेनसिल्व्हेनियात नूतनीकरणाच्या रकमेशिवाय ३० डॉलर एकदाच घेतात, तर काही राज्ये वेगळे काहीच घेत नाहीत. कॅलिफोर्नियात ऑनलाइन अर्ज भरून कागदपत्रे आधी अपलोड करता येतात. कार्यालयात मात्र एकदा जावेच लागते.

खिडकीवर

अपॉइंटमेंट सकाळची घ्यावी, कारण एखादा कागद राहिला तर त्याच दिवशी घरी जाऊन आणता येतो. कागद एका फाइलमध्ये मागितले जातील त्या क्रमाने लावावेत: ओळख, वास्तव्य, सोशल सिक्युरिटी, पत्ता, नावबदल. अर्जात कार्डाचा प्रकार विचारला जातो, तिथे ‘रिअल आयडी’वर खूण केली आहे ना, हे पुन्हा पाहावे. गर्दीच्या दिवशी कर्मचारी नेहमीचाच परवाना नूतनीकरणाला टाकून मोकळा होतो आणि आपल्याला ते कार्ड घरी आल्यावर कळते. पैसे भरण्यापूर्वी समोरच्या पडद्यावर किंवा छापील कागदावर नाव, जन्मतारीख आणि कार्डाचा प्रकार वाचून घेणे हा आपला हक्क आहे. मागे रांग वाढली म्हणून संकोच करू नये.

सेव्हची पडताळणी बहुतेकदा त्याच मिनिटाला पूर्ण होते. कधी ती ‘अधिक तपासणी’साठी जाते आणि काही दिवस किंवा आठवडे लागतात. अशा वेळी वाद घालण्यात अर्थ नाही, कारण निर्णय त्या कार्यालयाच्या हाती नसतो. सेव्हच्या प्रकरणाचा क्रमांक तेवढा मागून घ्यावा. ‘सेव्ह केसचेक’ या ऑनलाइन सोयीवर तो टाकून तपासणी कुठवर आली ते पाहता येते. नुकत्याच आलेल्या विद्यार्थ्यांनी अमेरिकेत पाऊल ठेवल्यावर दहा दिवस थांबून मगच अर्ज करावा, म्हणजे त्यांची नोंद या प्रणालीत उतरलेली असते.

कार्ड येईपर्यंत आणि आल्यानंतर

खिडकीवरून मिळणारा तात्पुरता कागदी परवाना गाडी चालवायला पुरतो, विमानतळावर चालत नाही. जुने कार्ड तिथेच छिद्र पाडून परत देतात किंवा ठेवून घेतात, त्यामुळे मधल्या काळात विमानप्रवास असेल तर पासपोर्ट हाताशी हवाच. कार्ड टपालाने येते. मेलबॉक्सवर आपले नाव नसेल तर एक चिठ्ठी चिकटवावी.

व्हिसावर असलेल्यांना मिळणारे कार्ड मर्यादित मुदतीचे असते आणि तसे त्यावर छापलेलेही असते. सर्वसाधारण कार्ड जास्तीत जास्त आठ वर्षांचे असू शकते. मर्यादित मुदतीचे कार्ड आय-९४ वरील वास्तव्याची मुदत संपते त्या दिवशी संपते. ज्यांच्या वास्तव्याला ठरावीक अंतिम तारीख नसते त्यांना ते एका वर्षापुरते मिळते. म्हणजे एच-१बी ची मुदतवाढ झाली की कार्डाचेही नूतनीकरण आलेच. मंजुरीपत्र हाती पडताच अपॉइंटमेंट घ्यावी, कारण मुदतवाढीचा अर्ज प्रलंबित असताना निव्वळ पावतीवर किती दिवसांचा परवाना द्यायचा, याबाबत राज्याराज्यांत एकवाक्यता नाही.

तिकीट काढताना कार्डावर आहे तेच नाव टाकावे; विमान कंपनी ते नाव, जन्मतारीख आणि लिंग आधीच टीएसएकडे पाठवत असते. विमान कंपनीच्या सदस्यत्वाच्या खात्यात पूर्वी कधीतरी भरलेले जुने नाव आपोआप तिकिटावर येते, तेही एकदा तपासावे. काही राज्यांत फोनमधला डिजिटल परवाना टीएसएच्या ठरावीक नाक्यांवर स्वीकारला जातो, परंतु प्रत्यक्ष कार्ड खिशात असू द्यावे.

या कार्डावर कॅनडात किंवा मेक्सिकोत जाता येत नाही, आणि ते नागरिकत्वाचा पुरावाही नाही. न्यूयॉर्कहून नायगारा पाहायला विमानाने बफेलोला जाण्यापुरते ते पुरेसे आहे. पलीकडच्या काठावरून धबधबा पाहायचा असेल तर भारतीय पासपोर्ट, कॅनडाचा व्हिसा किंवा ग्रीन कार्डधारकांना लागू असलेले कागद, आणि परतीसाठी अमेरिकेचे वैध कागद हे सर्व सोबत हवेत.